गृहनिर्माण संस्था आणि पतपेढ्या (मुंबई उपनगरे)

सभासदांची बचत एकत्र करून त्याच पैशातून त्यांना घरासाठी कर्ज देणारी संस्था इंग्लंडात अठराव्या शतकात आकाराला आली. अमेरिकेत तिचीच पुढे बचत-कर्ज संघटना झाली. मुंबईच्या उपनगरांत हे एकच काम दोन निराळ्या संस्थांनी वाटून घेतले. घर सहकारी गृहनिर्माण संस्थेकडे गेले आणि बचत पतपेढीकडे. प्रस्तुत नोंदीत अंधेरी, बोरिवली, मुलुंड, घाटकोपर आणि त्यांच्या आसपासच्या उपनगरांतील या दोन्हींचा आढावा घेतला आहे. गावदेवी व वांद्रे यांचा उल्लेख संदर्भापुरता आहे.

पूर्वपीठिका : बर्मिंगहॅममधील एका खाणावळीचा मालक रिचर्ड केटली याने १७७५ च्या सुमारास काढलेली संस्था ही या प्रकारातील पहिली ज्ञात संस्था. सभासद ठरावीक वर्गणी भरत, पुरेशी रक्कम जमली की एकाचे घर होई, आणि सर्वांची घरे झाली की संस्था बंद होई. आपल्याकडील भिशीची घडी थोडीफार अशीच असते (पहा : भिशी). बंद न होणाऱ्या, ठेवीदार व कर्जदार वेगवेगळे असणाऱ्या संस्था एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास आल्या. अमेरिकेत फिलाडेल्फियाजवळ फ्रँकफर्ड येथे १८३१ मध्ये अशी पहिली संस्था निघाली. ब्रिटिश भारतात १९०४ च्या कायद्याने फक्त पतसंस्थांना मान्यता दिली होती. घरासाठी सहकारी संस्था नोंदवण्याची वाट १९१२ च्या कायद्याने मोकळी केली. पत आधी आणि घर नंतर हा कायद्याचा क्रम मुंबईतही तसाच दिसतो.

सारस्वतांचा प्रयोग : या विषयावरील कागदपत्रे सर्वांत नीट जपली ती चित्रापूर सारस्वतांनी, त्यामुळे कोणत्याही इतिहासात त्यांना जागा जास्त मिळते, येथेही मिळाली आहे. श्रीपाद सुब्राव तालमकी (१८५९–१९४८) या वकिलाने १९०६ मध्ये आपले गुरू शामराव विठ्ठल कैकिणी यांच्या नावाने एक पतसंस्था काढली. आजची एसव्हीसी बँक ती हीच. कारवार-मंगळूरकडून नोकरीसाठी मुंबईत आलेला कारकून वर्ग हा तिचा सभासद. त्याची खरी अडचण जागेची होती. १८९६ च्या प्लेगनंतर स्थापन झालेल्या इम्प्रूव्हमेंट ट्रस्टने जुन्या वस्त्या पाडून नवे रस्ते काढले, गावदेवीसारखे भाग आखले, पण मध्यमवर्गाला परवडेल असे भाडे कोणी आखून दिले नव्हते. १९१५ मध्ये गावदेवीत सारस्वत को-ऑपरेटिव्ह हाउसिंग सोसायटी नोंदली गेली. इमारत संस्थेची, सभासद भागधारकही आणि भाडेकरूही, अशी तिची रचना होती. घरमालक नसलेली चाळ, असे तिचे वर्णन करता येईल. फक्त चाळीपेक्षा खोल्या बऱ्या होत्या.

या संस्थेला ‘आशियातील पहिली’ म्हणण्याची प्रथा आहे. म्हैसूर संस्थानातील बंगळुरात १९०९ मध्येच घरबांधणीची सहकारी संस्था निघाली होती, हे लक्षात घेता ‘भाडेकरू-सहभागीदारी प्रकारातील पहिली’ असे म्हणणे अधिक सुरक्षित. तालमकींचे महत्त्व त्याने कमी होत नाही. पतसंस्था आणि गृहनिर्माण संस्था ही एकाच हाताची दोन बोटे आहेत, हे ज्यांना कृतीतून दिसले असे मुंबईतील ते पहिले गृहस्थ. पुढे सहकारी घरबांधणीचा पुरस्कार करणाऱ्या हाउसिंग असोसिएशनमार्फत त्यांनी सरकारकडे कर्जाचा पाठपुरावा केला आणि १९२० च्या दशकात मुंबई सरकारने अशा संस्थांना कर्जे दिलीही. बचतीऐवजी सरकारी पैशावर घर उभे राहू शकते, हा धडाही त्याच वेळी मिळाला.

उपनगरांकडे : पहिल्या महायुद्धात भाडी इतकी चढली की १९१८ मध्ये भाडेनियंत्रणाचा कायदा करावा लागला. त्याच वर्षी वांद्र्यात साल्सेट कॅथलिक को-ऑपरेटिव्ह हाउसिंग सोसायटी स्थापन झाली. तिने भूखंड पाडून सभासदांना बंगले बांधू दिले. सांताक्रूझची सारस्वत कॉलनी याच वळणाची. १९२० मध्ये मुंबई उपनगर जिल्हा झाला आणि जानेवारी १९२८ मध्ये कुलाबा ते बोरिवली विजेची गाडी धावू लागली. तिकीट, पास आणि वेळापत्रक हाती आल्यावर अंधेरीपलीकडची भातखाचरे नोकरदाराच्या आवाक्यात आली. महापालिकेची हद्द १९५० मध्ये अंधेरी-घाटकोपरच्या पुढे आणि १९५७ मध्ये दहिसर व मुलुंडपर्यंत गेली.

आरंभीच्या बहुतेक संस्था एका जातीच्या, धर्माच्या किंवा प्रांताच्या होत्या. परस्परांची पत माहीत असणे, हे त्याचे कारण सांगितले जाते. इतरांना दार बंद ठेवणे, हा परिणाम झाला हे नाकारता येत नाही. २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अहमदाबादच्या एका पारशी संस्थेच्या प्रकरणात उपविधींतील अशी मर्यादा वैध ठरवली. मतभेद कायम आहेत.

रिकामा राहिलेला वर्ग : महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० आणि १९६१ चे नियम यांनी गृहनिर्माण संस्थांचे वर्ग पाडले. जमीन संस्थेची व घर सभासदाचे ती भाडेकरू-मालकी संस्था. जमीन व इमारत दोन्ही संस्थेची ती भाडेकरू-सहभागीदारी संस्था. आणि ‘इतर’ या तिसऱ्या वर्गात घर गहाण ठेवून कर्ज देणाऱ्या व घरे बांधून देणाऱ्या संस्था. इंग्लंडातील संस्थेचा खरा वारसदार हा तिसरा वर्ग. उपनगरांतल्या इमारतींच्या फाटकांवरील पाट्या वाचत गेले तर पहिल्या दोन वर्गांच्या संस्थाच दिसतात. तिसरा वर्ग जवळपास कागदावरच राहिला.

प्रस्तुत नोंदकाराच्या मते याची कारणे पैशाच्या मुदतीत शोधावीत. पतपेढीची ठेव वर्षा-दोन वर्षांची, घराचे कर्ज पंधरा-वीस वर्षांचे. अमेरिकेत व्याजदर चढल्यावर याच विसंगतीतून सुरू झालेल्या संकटात १९८० च्या दशकात व १९९० च्या दशकाच्या आरंभी हजाराहून अधिक बचत-कर्ज संस्था बुडाल्या किंवा बंद कराव्या लागल्या. मुंबईत मुदतीचा हा प्रश्न आयुर्विमा महामंडळाच्या पैशाने झाकला गेला. तो पैसा शिखर गृहवित्त संस्थेमार्फत गृहनिर्माण संस्थेला मिळे आणि तारण म्हणून संपूर्ण इमारत गहाण पडे. एका सभासदाने हप्ता थकवला की बोजा सर्वांवर. ही पद्धत पुढे थकबाकीत रुतली. दुसरे कारण १९४७ चा भाडे कायदा. गोठलेल्या भाड्याच्या जागेत राहणाऱ्याला घरासाठी बचत करण्याची घाई नव्हती, आणि पागडी देऊन जागा घेणाऱ्याची बचत पावतीवर येतच नव्हती.

ओनरशिप : १९५० च्या दशकापासून बिल्डर तयार फ्लॅट ‘ओनरशिप’वर विकू लागले. त्यातील फसवणुकीमुळे १९६३ चा ओनरशिप फ्लॅटविषयीचा कायदा (मोफा) आला. बिल्डरने संस्था नोंदवून द्यावी आणि मुदतीत जमिनीचे अभिहस्तांतरण करावे, असे त्यात होते. इथे क्रम उलटला. तालमकींच्या वेळी माणसे जमली, पैसे जमले, संस्था झाली, मग इमारत उभी राहिली. मोफानंतर आधी इमारत, मग पैसे, आणि शेवटी, एकमेकांची नावेही नीट माहीत नसलेल्या शेजाऱ्यांची संस्था. पन्नास रुपयांचा शेअर आणि मेंटेनन्सचे बिल एवढाच सहकार बहुसंख्य सभासदांना माहीत असतो. अभिहस्तांतरण तर अनेक ठिकाणी झालेच नाही. म्हणून २००८ च्या दुरुस्तीने मानीव अभिहस्तांतरणाची सोय करावी लागली. १९७६ च्या नागरी जमीन कमाल धारणा कायद्याचे परिणाम वादग्रस्त असून त्यांची चर्चा अन्यत्र केली आहे.

आखलेल्या वसाहती : जुहू-विलेपार्ले विकास योजनेत गृहनिर्माण मंडळाने आखलेल्या जमिनीवर विठ्ठलनगर, हाटकेश, जयहिंद, नूतन लक्ष्मी अशा संस्था आल्या. त्यांची आजची किंमत पाहता त्या मध्यमवर्गीय सहकारातून निघाल्या, हे सांगावे लागते. वांद्रे पूर्वेची साहित्य सहवास ही मराठी लेखकांची संस्था सर्वपरिचित आहे.

याहून महत्त्वाचा, पण कमी लिहिला गेलेला प्रयोग चारकोप व गोराई येथील. जागतिक बँकेच्या साह्याने १९८५ मध्ये सुरू झालेल्या मुंबई नागरी विकास प्रकल्पात म्हाडाने घरे न बांधता लहान भूखंड, रस्ते, पाणी व गटारे दिली. तीस-पस्तीस कुटुंबांची एकेक संस्था, मधे मोकळे अंगण, आणि घर ज्याने त्याने आपल्या ऐपतीने वाढवायचे. केटलीच्या खाणावळीतल्या मंडळींना ही व्यवस्था सर्वांत ओळखीची वाटली असती. फरक इतकाच, की पैसा जमवायचा तो प्रत्येकाने आपापला : पीएफ, दागिने, पतपेढी.

मुलुंड : पूर्वेकडील जुन्या संस्था बहुतेक नोकरदारांच्या.

पतपेढ्या : दोन प्रकार. पगारदारांच्या पतपेढीत हप्ता पगारातूनच कापला जातो, म्हणून थकबाकी नगण्य असते. महापालिका, बेस्ट, शाळा, बँका, कारखाने अशा सर्व ठिकाणी त्या आहेत. नागरी पतपेढ्या वस्तीच्या असतात. सातारा, कोकण, जुन्नर-आंबेगावकडून आलेल्या माथाडी, गिरणी कामगार व भाजी-व्यापाऱ्यांनी गावकी मंडळांच्या फंडातून अनेक उभ्या केल्या. विक्रोळीतून वाढलेल्या शिवकृपा व ज्ञानदीप या त्यांतील मोठ्या. संध्याकाळी दुकानोदुकानी फिरून दैनंदिन ठेव गोळा करणारा एजंट हा या व्यवस्थेचा कणा. कर्जाला दोन जामीनदार लागतात, आणि मूळ कर्जदारापेक्षा जामीनदाराचीच झोप उडते, हा वसुलीचा खरा मंत्र. थकल्यास सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली वसुली दाखला मिळतो. ही कर्जे घरासाठी पुरत नाहीत. ती बयाणा, स्टॅम्प ड्युटी, डागडुजी यांसाठी घेतली जातात. बँकेतील ५ लाखांपर्यंतच्या ठेवीला विमा असतो. पतपेढीतील ठेवीला तो नाही, ही गोष्ट अनेक ठेवीदारांना पतपेढी बुडाल्यावर कळते.

गृहवित्त कंपन्या : हसमुखभाई पारेख यांनी १९७७ मध्ये एचडीएफसी स्थापन केली आणि तारणकर्जाचे काम सहकाराबाहेर नेले. तिचे पहिले कर्ज मालाडच्या एका घराला गेले असे सांगितले जाते. १ जुलै २०२३ रोजी ती एचडीएफसी बँकेत विलीन झाली.

भांडुपचे प्रकरण : गृहनिर्माण संस्थांनी आपला निधी कोठे गुंतवावा हे सहकार कायद्याचे कलम ७० ठरवते. त्यामुळे सिंकिंग फंड, दुरुस्ती निधी वर्षानुवर्षे सहकारी बँकांत जात राहिला. उपनगरांत त्यांपैकी एक होती पंजाब अँड महाराष्ट्र को-ऑपरेटिव्ह बँक, स्थापना १९८४, मुख्यालय भांडुप. २३ सप्टेंबर २०१९ रोजी रिझर्व्ह बँकेने तिच्यावर निर्बंध आणले. प्रारंभी खात्यातून एक हजार रुपयेच काढता येत होते. सुमारे ८,८०० कोटींच्या कर्जांपैकी ६,५०० कोटींच्या आसपास रक्कम एचडीआयएल या एकाच बांधकाम समूहाकडे होती आणि ती दडवण्यासाठी २१ हजारांवर बनावट खाती दाखवली गेली, असा तपासयंत्रणांचा आरोप आहे. याच समूहातील कंपनीकडे गोरेगावच्या पत्राचाळीतील ६७२ भाडेकरूंच्या संस्थेचा पुनर्विकास होता, आणि तोही तिच्या हातून अर्धवट राहिला. म्हणजे संस्थांची बचत, बँकेची कर्जे आणि संस्थांचे पुनर्विकास एकाच दाराशी येऊन थांबले. जानेवारी २०२२ मध्ये बँक युनिटी स्मॉल फायनान्स बँकेत विलीन झाली. ५ लाखांवरील ठेवी परत मिळण्याची मुदत दहा वर्षांपर्यंत ठेवली गेली.

झोपडपट्टी पुनर्वसनातील संस्था : स्वतंत्र नोंद पहा.

पुनर्विकास : पन्नास-साठ वर्षांच्या इमारती, वाढलेला चटईक्षेत्र निर्देशांक आणि जमिनीचे भाव यांमुळे संस्थेची सर्वसाधारण सभा अचानक महत्त्वाची झाली. सहकार कायद्याच्या कलम ७९(अ) खालील २००९ च्या व पुढे ४ जुलै २०१९ च्या निर्देशांनी निविदा, सभेचे चित्रीकरण, प्रकल्प सल्लागार यांची पद्धत घालून दिली. सेक्रेटरीच्या पदाला याच काळात उमेदवार मिळू लागले.

बिल्डरला वगळून संस्थेने स्वतः बांधायचे, या स्वयंपुनर्विकासाला राज्य शासनाने सप्टेंबर २०१९ मध्ये धोरणात्मक मान्यता दिली. कर्ज मुख्यतः मुंबई जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेचे. जून २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने जिल्हा व राज्य सहकारी बँकांना निवासी बांधकाम प्रकल्पांना कर्ज देण्याची परवानगी दिली. मर्यादा एकूण मालमत्तेच्या ५ टक्के. या मार्गाने पूर्ण झालेल्या इमारतींत चारकोपच्या श्वेतांबरा संस्थेचा समावेश होतो. जुन्या सभासदांना मिळणारे वाढीव क्षेत्र बिल्डरच्या प्रस्तावापेक्षा जास्त, पण पालिकेच्या परवानग्यांपासून सिमेंटच्या बिलापर्यंत सर्व सह्या कार्यकारिणीच्या, आणि कर्ज पुन्हा संपूर्ण इमारतीवर.