रणमाले आणि चोरोत्सव : सत्तरीच्या मांडावरील परंपरा

रणमाले हे गोव्यातील सत्तरी तालुक्यात शिगमोत्सवाच्या काळात सादर होणारे विधिनाट्य आहे. ‘रण’ म्हणजे युद्ध आणि ‘माले’ म्हणजे उजेडासाठी पेटवलेली मशाल, अशी या नावाची फोड केली जाते. झर्मे आणि करंझोळ या गावांत रणमाले चोरोत्सव या विधीशी बांधलेले असून तेथे ते करणे न करणे गावकऱ्यांच्या मर्जीवर सोडलेले नाही. परंपरा मोडल्यास ग्रामदैवताचा कोप होतो, ही श्रद्धा आजही दृढ आहे.

सह्याद्रीच्या पायथ्याशी, म्हादई नदीच्या खोऱ्यात वसलेल्या या तालुक्याचे नाव सत्तर गावांच्या समूहावरून पडले, असे मानतात. वाळपई हे त्याचे मुख्य ठिकाण. चोर्ला घाट चढून गेले की बेळगावचा मुलूख लागतो. पोर्तुगीज सत्तेविरुद्ध दीपाजी राणे यांनी १८५२ मध्ये केलेल्या बंडाची ही भूमी. शिगम्यातील घोडेमोडणीत कमरेला लाकडी घोडे बांधून, हाती तलवारी घेऊन नाचणारे पुरुष त्याच लढवय्या परंपरेशी नाते सांगतात. पौषात स्त्रियांचा धालो, फाल्गुनात पुरुषांचा शिगमो, अशी लोकोत्सवांची वाटणी दिसते. दोहोंचे केंद्र मांड. मांड म्हणजे केवळ मोकळे अंगण नव्हे. ती देवत्व मानलेली जागा आहे आणि तिथला विधी दुसरीकडे हलवता येत नाही.

चोरोत्सवामागची कथा गावागणिक थोडी बदलते, पण तिचा गाभा एकच आहे. गावात आलेल्या परक्या तरुणांना लोकांनी चोर समजून ठार मारले. ते निरपराध होते, हे मागाहून कळले. त्या हत्येचे प्रायश्चित्त म्हणून हा विधी सुरू झाला, असे सांगतात. झर्मे येथे शिगम्याच्या रात्री काही पुरुषांना गळ्यापर्यंत जमिनीत पुरतात आणि त्यांची डोकी तेवढी वर राहतात. इतरांची डोकी खड्ड्यात पुरून धडे बाहेर ठेवलेली असतात. पहिल्यांदा पाहणाऱ्याचा थरकाप उडतो. गावकरी मात्र त्या ‘चोरां’पुढे हात जोडतात. एरवी लोककथांत गाव आपल्या वीरांचे आणि विजयांचे गोडवे गाते. इथे गाव स्वतःच्या हातून घडलेला अन्याय दरवर्षी चारचौघांत उभा करते, हे या विधीचे वेगळेपण आहे. आणि त्याची गणना केवळ ‘अघोरी प्रथा’ म्हणून करणाऱ्यांच्या नजरेतून नेमके तेच निसटते.

रणमाल्याचे कथाभाग रामायण, महाभारत आणि लोककथांतून घेतलेले असतात. मागे पडदा आणि एका बाजूला उभे राहून गाणारे गायक, एवढाच रंगमंचाचा थाट. गायक म्हणतात त्या गीतांना ‘जत’ म्हणतात. पात्र नाचत प्रवेश करते आणि सूत्रधार त्याची ओळख करून देतो. मराठी आणि कोकणी यांची सरमिसळ असलेली ही भाषा सीमेवरच्या डोंगराळ भागाला साजेशीच आहे. शेजारच्या दशावताराची मंडळी नाटके घेऊन गावोगाव फिरतात. चोरोत्सवाशी बांधलेले रणमाले मात्र गावच्याच लोकांनी, गावच्याच मांडावर करायचे असते.

घुमट, झांज आणि कासाळे ही साथीची वाद्ये. मातीच्या घुमटाच्या तोंडावर पूर्वी घोरपडीचे कातडे चढवीत. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने घोरपडीला संरक्षण मिळाल्यावर त्याची जागा बकऱ्याच्या कातड्याने घेतली. जुन्या वादकांना नादातला फरक जाणवतो, पण वाद्य टिकले. २०१९ मध्ये गोवा सरकारने घुमटाला राज्याच्या वारसा वाद्याचा दर्जा दिला.

माणसांचे तसे नाही. जत आणि संवाद तोंडी परंपरेने चालत आलेले. ते पाठ असणारा एक जाणता गेला की त्याच्यासोबत काही पदेही जातात. गावातले तरुण आता नोकरीसाठी शहरांकडे आणि औद्योगिक वसाहतींकडे जातात. जे मागे राहतात त्यांची अडचण निराळी : शिगमो ऐन काजूच्या हंगामात येतो आणि दिवसभर बागेत राबून रात्री जागायचे असते.

घोडेमोडणीला पणजी, म्हापसा, फोंड्याच्या शिगमो मिरवणुकांत जागा मिळाली, टाळ्या आणि बक्षिसेही मिळाली. रणमाल्याचे प्रयोगही अधूनमधून मांडाबाहेर, लोकोत्सवांच्या व्यासपीठांवर होतात. चोरोत्सवाला तशी वाट नाही. चित्ररथावर कुणाला पुरता येत नाही, आणि झर्म्याच्या लोकांनाही ते नको आहे. त्यासाठी गावाबाहेर गेलेल्यांनीच त्या रात्रीपुरते मांडावर परतावे लागते.