अमरावतीचा आखाडा आणि खेळ टिकवणारी माणसे

भोपाळच्या जवाहर चौकापासून तात्या टोपे नगरचे स्टेडियम फार दूर नाही. मध्य प्रदेश शासनाच्या क्रीडा आणि युवक कल्याण खात्याचा कारभार याच स्टेडियममधून चालतो. 2013 साली या राज्याने मल्लखांबाला राज्यखेळाचा दर्जा दिला आणि तसे करणारे ते देशातले पहिले राज्य ठरले. मराठी माणसाला याचा आनंद वाटणे स्वाभाविक आहे. दुसऱ्या बाजीरावाच्या काळात बाळंभट्टदादा देवधरांनी मल्लखांबाला नवे रूप दिले, हे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. पण 1818 साली पेशवाई बुडाली आणि खेळाचा राजाश्रय संपला. त्यानंतरच्या दोनशे वर्षांत हा खांब कोणी उभा ठेवला, हे मात्र आपण क्वचितच विचारतो. संस्थानिकांच्या देणग्या, स्पर्धांतले विजय आणि सरकारी घोषणा यांचे श्रेय आहेच. तरीही मूळ काम केले ते लहान गावांतल्या लहान संस्थांनी, आणि तेही खेळ शिकवणारी माणसे घडवून. या म्हणण्याला अमरावतीच्या श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाइतका भक्कम पुरावा दुसरा नाही. भोपाळच्या वाचकाला ही संस्था परकी वाटू नये. 1 नोव्हेंबर 1956 ला राज्यपुनर्रचना होईपर्यंत अमरावती मध्य प्रदेशातच होती आणि त्या राज्याची राजधानी नागपूर होती.

अंबादासपंत आणि अनंत या वैद्य बंधूंनी 1914 मध्ये अमरावतीत हे काम सुरू केले. तेव्हा वऱ्हाड इंग्रजी अमलाखाली होता आणि कापसाच्या बाजारामुळे अमरावतीत पैसा खेळत होता. टिळकांच्या राजकारणाचाही या गावावर दाट प्रभाव होता. आखाडे गावोगाव होते, पण बहुतेक आखाडे एखाद्या वस्तादाच्या हयातीपुरते टिकत. वस्ताद गेला की त्याची विद्याही जाई, कारण ती कागदावर उतरलेली नसे आणि दुसऱ्याला कशी द्यायची याची ठरलेली रीतही नसे. अमरावतीने वेगळी वाट धरली. कुस्ती, मल्लखांब, लाठी, लेझीम, हुतूतू या साऱ्यांना तिथे अभ्यासक्रमाची शिस्त आली. उन्हाळ्याच्या सुटीत बाहेरगावचे शिक्षक शिकायला येत आणि शिकून आपापल्या शाळांत परत जात. क्रांतिकारक राजगुरूही काही काळ या आखाड्यात होते, आणि संस्थेचा उल्लेख निघाला की तेवढीच गोष्ट बहुधा सांगितली जाते. ती मोलाची आहे, पण तिच्यामागे संस्थेचे रोजचे काम झाकून जाते. सुटीत येऊन गेलेल्या शिक्षकांची नावे इतिहासात नाहीत. खेळ मात्र त्यांच्याच हातून शाळेच्या पटांगणावर पोहोचला. पुढे 1967 मध्ये या कामाला शारीरिक शिक्षणाच्या पदवी महाविद्यालयाचे रूप आले.

लहान महाविद्यालयाने खेळाचा इतिहास घडवणे ही गोष्ट जगाला नवी नाही. अमेरिकन फुटबॉल आज करोडो डॉलरचा धंदा आहे, पण त्याचा जन्म महाविद्यालयांच्या मैदानावर झाला. 6 नोव्हेंबर 1869 रोजी रटगर्स आणि प्रिन्स्टन यांच्यात पहिला आंतरमहाविद्यालयीन सामना झाला. 1880 च्या दशकात येलच्या वॉल्टर कॅम्पने नियमांना आजचा घाट दिला. 1905 मध्ये मैदानावरच्या मृत्यूंमुळे खेळच बंद करावा अशी ओरड झाली, तेव्हा नियम बदलून तो वाचवला तोही महाविद्यालयांनीच. या इतिहासातला आपल्या विषयाला सर्वांत जवळचा धागा स्प्रिंगफील्ड या शहरातल्या वायएमसीएच्या छोट्या प्रशिक्षण विद्यालयाचा आहे. अमोस अलोन्झो स्टॅगने 1890 मध्ये तिथे फुटबॉलचा संघ उभा केला. मूठभर विद्यार्थ्यांतून निवडलेल्या त्या संघात जेम्स नायस्मिथही होता. पुढच्याच वर्षी त्याने त्याच विद्यालयात बास्केटबॉल शोधून काढला. स्टॅग तिथून शिकागो विद्यापीठात गेला आणि अमेरिकन फुटबॉलच्या थोर प्रशिक्षकांत गणला गेला. याच स्प्रिंगफील्डमध्ये शिकलेल्या हॅरी क्रो बकने 1920 मध्ये मद्रासला शारीरिक शिक्षणाचे विद्यालय काढले, आणि भारतातल्या शाळा-महाविद्यालयांना प्रशिक्षित क्रीडाशिक्षक मिळू लागले. स्प्रिंगफील्डच्या संघाने किती सामने जिंकले हे आज कोणी विचारत नाही. तिथून बाहेर पडलेल्या माणसांनी काय केले, ते मात्र आपल्या शाळांच्या वेळापत्रकातसुद्धा दिसते. अमरावतीचे मोजमापही याच मापाने व्हायला हवे. फरक एवढाच की मद्रासचा मुख्य भर पाश्चात्त्य खेळांवर होता, तर अमरावतीने देशी खेळ अभ्यासक्रमात आणले.

अमरावतीचे नाव जगापुढे आले ते 1936 मध्ये. बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी मंडळाचा चमू जर्मनीला गेला आणि त्याने कबड्डीसह भारतीय खेळांची व व्यायामप्रकारांची प्रात्यक्षिके केली. त्याच ऑलिंपिकमध्ये ध्यानचंदच्या संघाने जर्मनीला 8-1 असे हरवून हॉकीचे सुवर्णपदक जिंकले, आणि त्या संघात भोपाळचे अहमद शेर खान आणि अहसान मोहम्मद खान हे दोघे खेळाडू होते. भोपाळ आणि अमरावती एकाच वेळी बर्लिनला होते, असे म्हणायला हरकत नाही. मात्र इथे एक आक्षेप घेतला जातो आणि तो रास्त आहे. कबड्डी ऑलिंपिकमध्ये खेळली गेली, असे पुष्कळदा लिहिले जाते. वस्तुतः त्या ऑलिंपिकमधले अधिकृत प्रदर्शनीय खेळ बेसबॉल आणि ग्लायडिंग हे होते. त्याआधी 1932 मध्ये लॉस एंजेलिसला अमेरिकन फुटबॉलला असे स्थान मिळाले होते. पूर्वेकडच्या हार्वर्ड, येल, प्रिन्स्टनच्या आणि पश्चिमेकडच्या विद्यापीठांच्या खेळाडूंनी तो सामना खेळला होता. अमरावतीच्या प्रात्यक्षिकांना तसा अधिकृत दर्जा नव्हता, हे स्पष्ट सांगितले पाहिजे. दुसरा आक्षेप याहून गंभीर आहे. ते ऑलिंपिक हिटलरच्या राजवटीने स्वतःच्या जाहिरातीसाठी वापरले, तेव्हा तिथल्या कौतुकाचा अभिमान कसा बाळगायचा? त्या कौतुकाचा अभिमान बाळगूच नये, हेच त्याचे प्रामाणिक उत्तर आहे. यजमानाच्या टाळ्यांनी खेळाची किंमत ठरत नाही. अभिमान बाळगावा तो परतंत्र देशातल्या एका जिल्ह्याच्या गावातली संस्था स्वतःच्या बळावर आपले खेळ घेऊन युरोपात गेली, याचा. आणि ती एकदाच गेली नाही. युद्ध संपल्यावर 1949 मध्ये स्टॉकहोमच्या लिंगियाड या व्यायाममहोत्सवातही मंडळाचा चमू होता. बर्लिनचा प्रसंग वगळला, तरी संस्थेचे काम तसूभरही कमी होत नाही.

एकट्या अमरावतीला एवढे श्रेय का द्यायचे, असेही कोणी विचारेल. पुण्याच्या डेक्कन जिमखान्याने 1914 मध्येच खोखोचे नियम बांधायला घेतले होते. बडोद्याच्या हिंद विजय जिमखान्याने 1923 मध्ये कबड्डीचे नियम छापले. बडोद्यात प्रोफेसर माणिकरावांचे जुम्मादादा व्यायाम मंदिर होते, तर पुण्यात कॅप्टन शिवरामपंत दामल्यांनी 1924 मध्ये महाराष्ट्रीय मंडळ काढले. या सगळ्यांचे ऋण मान्य करूनच हा लेख लिहिला आहे, आणि या आक्षेपाने मूळ मुद्दा उलट बळकट होतो. यातली एकही संस्था मोठी म्हणावी अशी नव्हती. पुण्या-बडोद्याने नियम दिले आणि अमरावतीने शिकवणारे दिले. नियम नसतील तर दोन गावांचा सामनाच होत नाही, कारण हुतूतूत बाद झालेला गडी पुन्हा उठणार की नाही, हेच गावागणिक बदलत असे. पण छापलेले नियम शाळेपर्यंत नेणारा माणूस नसेल, तर ते पुस्तक कपाटातच राहते. या दोन्हींची जोड मिळाली म्हणूनच 1950 मध्ये कबड्डीचा अखिल भारतीय महासंघ उभा राहू शकला आणि 1990 च्या बीजिंग आशियाई स्पर्धेत हा खेळ पदकासाठी खेळला गेला. पहिले सुवर्ण भारताचेच होते.

सर्वांत जोरदार आक्षेप पैशाचा आहे. 2014 मध्ये प्रो कबड्डी सुरू झाली, दूरचित्रवाणीवर सामने दिसू लागले आणि खेळाडूंच्या हाती पैसा आला. मग खेळ शिक्षकांनी टिकवला की बाजाराने? बाजाराने खेळाडूंचे जिणे सुधारले, हे निर्विवाद आहे, आणि ते व्हायलाच हवे होते. पण बाजार एकटा काय करू शकतो, हे पाहायला याच देशात याच काळातले उदाहरण आहे, आणि ते अमेरिकन फुटबॉलचेच आहे. 2011 मध्ये एलिट फुटबॉल लीग ऑफ इंडियाची घोषणा झाली. माइक डिट्का, कर्ट वॉर्नर यांच्यासारखी अमेरिकेतली नावाजलेली माणसे तिच्या पाठीशी होती. 2012 च्या पहिल्या हंगामात पुणे मराठाज हा संघ विजेताही ठरला. तरी ती लीग रुजली नाही. यात खेळाडूंचा काही दोष नव्हता. दुसऱ्या खेळांतून आलेल्या त्या तरुणांनी एक अवघड खेळ थोड्या काळात आत्मसात केला. पण त्यांच्यामागे हा खेळ शिकवणारी एकही शाळा नव्हती, महाविद्यालय नव्हते, आठवड्याला सामना पाहणारे गाव नव्हते. अमेरिकेत व्यावसायिक लीग 1920 मध्ये आली, म्हणजे महाविद्यालयीन फुटबॉलने पन्नास वर्षे जमीन नांगरल्यावर. कबड्डीलाही बाजार लाभला तो तिच्या शिक्षकांनी अनेक दशके मशागत केल्यानंतरच.

आता पुन्हा मध्य प्रदेशाकडे येऊ. मल्लखांबाची पहिली राष्ट्रीय स्पर्धा 1962 मध्ये ग्वाल्हेरला जिम्नॅस्टिक्सच्या राष्ट्रीय स्पर्धेबरोबर झाली, आणि 1981 मध्ये मल्लखांबाच्या स्वतंत्र महासंघाची पहिली स्पर्धा उज्जैनला भरली. शिंदे, होळकर, पवारांच्या राज्यांतल्या जुन्या आखाड्यांनी माळव्यात आणि ग्वाल्हेरला ही विद्या जपली होती, म्हणून तर या गावांना तो मान मिळाला. 1957 मध्ये ग्वाल्हेरला राणी लक्ष्मीबाईंच्या नावाने केंद्र सरकारचे शारीरिक शिक्षण महाविद्यालय निघाले, तेव्हा अमरावती नुकतीच राज्याबाहेर गेली होती. राज्याची सीमा सरकली की जुन्या राज्याचा इतिहासही दप्तरातून बाहेर पडतो, हे आपल्याकडे नेहमीच घडते. म्हणून भोपाळमध्ये राज्यखेळाचा इतिहास लिहिला जाईल, तेव्हा त्यात माळव्याच्या आखाड्यांबरोबर अमरावतीचे प्रकरण असले पाहिजे. आणि राज्यखेळ हा शब्द खरा करायचा असेल, तर स्टेडियममधल्या सोहळ्यांइतकाच खर्च मल्लखांब शिकवणाऱ्या शिक्षकांवर व्हायला हवा. जिल्ह्याच्या गावांतल्या लहान शारीरिक शिक्षण महाविद्यालयांत त्यांच्या जागा भराव्यात, आणि त्यांनी घडवलेल्या मुलांना शाळांत नेमावे. भोपाळ, इंदूर, ग्वाल्हेर, उज्जैनच्या मराठी मंडळांनी हा आग्रह धरावा, कारण ज्या खेळाचा ते अभिमान सांगतात, तो त्यांच्यापर्यंत अशाच बिननावाच्या शिक्षकांनी पोहोचवला आहे.