फ्रीस्टाईल

मराठी वर्तमानपत्रातली एक बातमी आपण सगळ्यांनी कधी ना कधी वाचलेली आहे. गावाचं नाव बदलतं, मथळा तोच राहतो : ‘भर चौकात दोन गटांत फ्रीस्टाईल’. बस्स, पुढचं वाचायची गरज नाही. गचांड्या धरल्या गेल्या, चपला उडाल्या, कुणाचा तरी शर्ट फाटला, हे डोळ्यांसमोर येतं. आता गंमत बघा. ऑलिंपिकमध्ये ज्या कुस्तीला फ्रीस्टाईल म्हणतात, तिच्यात ठोसा चालत नाही, लाथ चालत नाही, वजनगट ठरलेले, पंच गुण मोजत बसलेले. इतक्या शिस्तीच्या खेळाचं नाव मराठीत हाणामारीला कसं काय चिकटलं?

मला वाटतं, ह्याचं उत्तर वरळीत सापडतं. पण ती गोष्ट मी इथे रिफात बसून का सांगतोय, ते आधी सांगतो. आमच्या गल्लीतली बहरीनी पोरं टीव्हीवरच्या डब्ल्यूडब्ल्यूईला ‘मुसारआ हुर्रा’ म्हणतात. मुसारआ म्हणजे कुस्ती, हुर्रा म्हणजे मुक्त. आणि ऑलिंपिकमधल्या फ्रीस्टाईललाही अरबीत अधिकृत शब्द हाच! म्हणजे जो घोळ मराठीने घातला तोच अरबीनेही घातला. शब्दांचा असा घोळ उगाच होत नाही, त्यामागे काहीतरी घडलेलं असतं.

माझ्या वयाच्या मंडळींना ह्या कुस्तीची ओळख पत्त्यांतून झाली. ट्रम्प कार्ड आठवतात ना? उंची, वजन, छाती, दंड आणि रँक. शाळेच्या बसमध्ये ‘अंडरटेकर’चा पत्ता ज्याच्या हातात तो त्या दिवसाचा राजा. घरी मोठी माणसं एकच वाक्य बोलायची, ‘अरे, ते सगळं खोटं असतं.’ अपवाद आजोबांचा. ते म्हणायचे, ‘हे खोटं असेल. आम्ही बघितलं ते खरं होतं.’

आजोबांनी बघितलं ते काय, हे समजायला थोडं मागे जावं लागेल. आपल्याकडे कुस्ती राजांच्या जिवावर जगली. शाहू महाराज १९०२ साली युरोपात गेले, रोमचं कलोसियम त्यांच्या मनात भरलं, आणि कोल्हापुरात १९०७ ते १९१२ ह्या काळात खासबाग मैदान उभं राहिलं. मधे लाल मातीचा हौदा आणि भोवती उतरती बैठक, जेणेकरून शेवटच्या माणसालाही पट काढलेला दिसावा. पैलवानाचा खुराक, म्हणजे दूध, तूप, बदाम, संस्थानाकडून. वेळेचं बंधन नाही. पाठ मातीला लागली की चीतपट, नाहीतर बरोबरीत सोडवायची.

तेव्हा सगळं धुतल्या तांदळासारखं होतं असं मात्र समजू नका. ‘नुरा कुस्ती’ हा आपल्याकडचा जुना शब्द आहे. दोघांनी आधीच ठरवून घेतलेली कुस्ती. ज्या भाषेत एखाद्या लबाडीला स्वतंत्र शब्द असतो, तिथे ती लबाडी चांगली रुळलेली असते. फिक्सिंग आपण अमेरिकेकडून शिकलो, हा समज काही खरा नाही.

राजांच्या जागी तिकीट आलं तेव्हा हा संशय जास्तच वाढला. १९४४ साली मुंबईत हमीदा बानू आणि गूंगा पैलवान ह्यांची कुस्ती ठरली होती. हमीदा बानू अलीगढची, पुरुषांशी लढणारी बाई. वीस हजार लोक जमल्याचं ‘बॉम्बे क्रॉनिकल’ने छापलं होतं. ऐनवेळी गूंगाने जास्त पैसे आणि तयारीला आणखी वेळ मागितला, कुस्ती रद्द झाली, आणि चिडलेल्या लोकांनी स्टेडियमची मोडतोड केली. (हीसुद्धा फ्रीस्टाईलच, म्हणा.) पुढे १९५४ मध्ये तिने बडोद्यात बाबा पैलवानाला १ मिनिट ३४ सेकंदांत पाडलं. कोल्हापुरात मात्र पुरुष पैलवानाला हरवल्यावर तिच्यावर दगड पडले. मुंबई राज्यात तिच्या कुस्त्यांना बंदी होऊ लागली तेव्हा तिने मोरारजी देसाईंकडे तक्रार केली. मोरारजींच्या उत्तराचा मतितार्थ असा : तुम्ही बाई आहात म्हणून ही बंदी नाही, आयोजक तुमच्यासमोर ‘डमी’ उभे करतात अशा तक्रारी आहेत म्हणून आहे. ह्या उत्तरावर मला पूर्ण विश्वास ठेवता येत नाही. डमी उभे करणं हा गुन्हा असता तर त्या काळचे निम्मे आयोजक घरी बसले असते. पण कुस्ती खरी की ठरवलेली, हा प्रश्न थेट सरकारदरबारी गेला होता, एवढं नक्की.

मधल्या काळात पैलवानांवर खरं संकट कोसळलं होतं ते वेगळंच. संस्थानं विलीन झाली. कोल्हापूर १९४९ च्या मार्चमध्ये मुंबई राज्यात आलं. खुराक देणारे हात गेले. आता दीडशे किलोच्या माणसाने खायचं काय? गावोगावच्या जत्रांची मैदानं होती, पण तिथलं इनाम म्हणजे फेटा, नारळ आणि थोडेफार रुपये. उरला तो तिकीट काढणारा प्रेक्षक. आणि त्याला दोन-दोन तास मातीत अडकून पडलेले पैलवान बघायचे नव्हते. त्याला दिव्यांचा झगमगाट हवा होता, दोऱ्यांची रिंग, परदेशी राक्षस आणि आपला देखणा गडी.

हा गडी म्हणजे दारासिंग. अमृतसर जिल्ह्यातल्या धर्मूचकचा, जन्म १९२८ चा. विशीच्या आत सिंगापूरला गेला, तिथे कारखान्यात काम करता करता कुस्ती शिकला. आपल्यासारखाच पोटासाठी समुद्र ओलांडलेला माणूस, हे आपण आखातातल्यांनी तरी विसरू नये. १९५४ साली टायगर जोगिंदरसिंगला हरवून तो ‘रुस्तम-ए-हिंद’ झाला, १९५९ साली कलकत्त्यात जॉर्ज गॉर्डिएन्कोला हरवून राष्ट्रकुल विजेता. आणि त्याच्यासमोरचा राक्षस म्हणजे किंगकाँग. खरं नाव एमिल झाया, मूळचा हंगेरियन, बस्तान सिंगापूरचं. जाहिरातींत त्याचं वजन दोनशे किलो सांगायचे. जपानमध्ये रिकिदोझानशी लढला तोही हाच. आशियाभर हरण्याचे आणि भीती दाखवण्याचे पैसे त्याला मिळत, आणि मला तरी वाटतं ते त्याने चोख कमावले. जिंकणाऱ्याला मोठं करायचं तर हरणाऱ्याला आधी मोठं व्हावं लागतं.

माझे आजोबा कऱ्हाडकडून येऊन गिरणीला लागले होते, राहायला वरळीच्या बीडीडी चाळीत. वल्लभभाई पटेल स्टेडियम तिथून पायी जाण्याच्या अंतरावर. एकदा रात्रपाळी बुडवून ते दारासिंग-किंगकाँग बघायला गेले होते. घरात ही गोष्ट इतक्या वेळा सांगितली गेली की आजी स्वयंपाकघरातून पुढचं वाक्य बोलायची. किंगकाँगने दाढीवरून हात फिरवला की लोक आरडाओरडा करत. दारासिंग बराच वेळ मार खाई. मग तो एवढं मोठं धूड उचली आणि डोक्यावर धरून गरगर फिरवी. ‘दोनशे किलो हो! ते पण खोटं?’ आजोबांचा हा प्रश्न बिनतोड होता. समोरच्याने थोडी मदत केली तरी दोनशे किलो हे दोनशे किलोच.

‘फ्रीस्टाईल’ हा शब्द जाहिरातींतून अशा मराठी माणसांच्या तोंडी बसला असणार, असा माझा अंदाज आहे. दोऱ्यांवर फेकणं, बाहेर ढकलणं, पंचालाच एक ठेवून देणं, हे त्यांनी ज्या नावाखाली पाहिलं ते नाव फ्रीस्टाईल. मग चाळीच्या नळावरच्या भांडणालाही तेच नाव पडलं. अंगाने आडव्या पोराला ‘किंगकाँग’ म्हणणं आणि ‘स्वतःला दारासिंग समजतोस काय रे?’ विचारणं, हेही तिथलंच. १९६२ मध्ये ‘किंग काँग’ नावाचा सिनेमा आला आणि त्यात नायक म्हणून दारासिंगच होता!

ह्या सगळ्याचा कळस २९ मे १९६८ ला मुंबईत झाला. दारासिंगने अमेरिकेच्या लू थेझला हरवलं आणि तो ‘विश्वविजेता’ झाला. लहानपणापासून ऐकलेली ही तारीख मी पुस्तकी नोंदींशी ताडून पाहिली, तेव्हा दोन गोष्टी समोर आल्या. एक, थेझ त्या दिवशी ५२ वर्षांचा होता आणि दारासिंग ३९ चा. दोन, ज्या नॅशनल रेसलिंग अलायन्सच्या विजेतेपदामुळे थेझचं जगभर नाव झालं, ते पद तो जानेवारी १९६६ मध्येच सेंट लुईसला जीन किनिस्कीकडे हरला होता. म्हणजे मुंबईत जे जगज्जेतेपद जिंकलं गेलं ते नेमकं कुणाचं होतं, हा प्रश्नच आहे. पण थेझने पुढे दारासिंगबद्दल लिहिलं ते मला त्या पट्ट्याहून मोलाचं वाटतं. हा अस्सल कुस्तीगीर होता, शरीर उत्तम कमावलेलं होतं, आणि त्याच्याकडून हरण्यात आपल्याला काही वावगं वाटलं नाही, असं तो म्हणतो. नीट वाचलंत तर ह्यात निकाल ठरलेला होता ही कबुली आहे, आणि दारासिंग खरा होता ही पावतीही. थेझसारख्या जुन्या खोडाची अशी पावती वाटेल त्याला मिळत नसे.

आता ह्याच काळातला आमच्या कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचा दुसरा गडी घ्या. खाशाबा जाधव. १९४८ ला लंडनमध्ये सहावा. १९५२ ला हेलसिंकीला जायला पैसे नव्हते, तेव्हा राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकरांनी स्वतःचं घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. खाशाबांनी ब्राँझ आणलं, स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक. प्रकार कोणता? फ्रीस्टाईल! मिरवणुकीला १५१ बैलगाड्या होत्या. त्यानंतर १९५५ मध्ये ते पोलिसात फौजदार झाले, १९८४ मध्ये रस्त्यावरच्या अपघातात गेले, आणि अर्जुन पुरस्कार मिळाला तो २००० सालचा, मरणोत्तर. ज्या वर्षांत वरळीत ठरलेली फ्रीस्टाईल बघायला लोक रात्रपाळी बुडवत होते, त्याच वर्षांत खऱ्या फ्रीस्टाईलचा पदकवीर साधी नोकरी करत होता. आजोबा गोळेश्वरच्या शेजारच्या गावचे. त्यांच्या ट्रंकेच्या झाकणाला आतून चिकटवलेला फोटो मात्र दारासिंगचा होता. मला ते खटकतं. पण त्यांना दोष देववत नाही. खाशाबांची कुस्ती बघायला हेलसिंकीला जावं लागलं असतं. दारासिंग चालत जाण्याच्या अंतरावर होता.

तर मग खोटं कशाला म्हणायचं? १९८९ साली ह्याच डब्ल्यूडब्ल्यूएफ कंपनीने न्यू जर्सीच्या सिनेटपुढे सांगून टाकलं की आमचा हा खेळ नाही, ही करमणूक आहे. सत्याची चाड म्हणून नव्हे, तर खेळांवरच्या सरकारी देखरेखीतून आणि करातून सुटका व्हावी म्हणून. मी पोटासाठी स्क्रिप्टच लिहितो, फरक एवढाच की संगणकाच्या. स्क्रिप्ट शंभरदा तपासली तरी रात्री दोनला सर्व्हरवर काय होईल सांगता येत नाही, हे आमच्या धंद्यातल्या कुणालाही विचारा. मे १९९९ मध्ये कॅन्सस सिटीत ओवेन हार्ट छतावरून दोरीने खाली उतरताना पडला आणि गेला. ते उतरणंही स्क्रिप्टमध्येच होतं.

एप्रिल २०१८ मध्ये ही करमणूक आमच्या दाराशी आली. सौदी सरकारच्या क्रीडा प्राधिकरणाने डब्ल्यूडब्ल्यूईशी दहा वर्षांचा करार केला आणि जेद्दाला पन्नास पैलवानांची ‘ग्रेटेस्ट रॉयल रंबल’ झाली. त्यात आपला खलीसुद्धा होता. मी ती रिफात घरी बसून पाहिली. पुढे सामने रियाधलाही होऊ लागले, तेव्हा आमच्या गल्लीतले दोघे पुलावरून गाडीने तिकडे जाऊन आले, आणि येताना पोरांना पुठ्ठ्याचे पट्टे घेऊन आले. मला मात्र राहून राहून खासबाग आठवत होतं. संस्थानं बुडाली म्हणून कुस्ती तिकिटाकडे गेली, आणि सत्तर वर्षांनी सगळ्यात मोठा तिकिटवाला राजाच्या खजिन्याकडे आला!

जेद्दाच्या त्या कार्यक्रमात बायकांच्या कुस्त्या नव्हत्या. ३१ ऑक्टोबर २०१९ ला रियाधमध्ये नताल्या आणि लेसी इव्हान्स लढल्या, सौदीतला बायकांचा असा पहिला सामना. दोघींनी अंगभर कपडे घातले होते. निकाल अर्थातच आधी ठरलेला. पण त्या रिंगमध्ये उतरल्या हे काही खोटं नव्हतं, आणि कुणी दगडही मारले नाहीत. कोल्हापुरात हमीदा बानूच्या वाट्याला एवढंही आलं नव्हतं.

ऑगस्ट २०२४ मध्ये पॅरिसला बहरीनच्या अहमद ताजुद्दिनोव्हने ९७ किलो गटात सुवर्णपदक जिंकलं. अस्सल मुसारआ हुर्रा. गडी मूळचा दागिस्तानचा, पण त्या दिवशी रिफात आम्हा सगळ्यांचाच झाला होता. आमच्याकडे पाच-सहा मराठी कुटुंबं जमली होती. पदक गळ्यात पडलं, राष्ट्रगीत झालं, टाळ्या झाल्या. मित्राचा आठ वर्षांचा मुलगा टीव्हीच्या अगदी जवळ जाऊन बराच वेळ बघत राहिला आणि मग वळून म्हणाला, ‘काका, ह्याला बेल्ट नाही देत?’