अवकाशीय क्षमता आणि तिच्या कसोट्या

वस्तूंचे आकार, त्यांच्यातील अंतरे, दिशा व मांडणी मनात धरून ठेवणे आणि गरजेप्रमाणे त्या वस्तू मनातल्या मनात फिरवणे, दुमडणे, सुट्या करून पुन्हा जोडणे, ही कुवत म्हणजे अवकाशीय क्षमता. कापड बेतणारा शिंपी, क्ष-किरण चित्रावरून हाडाची ठेवण ओळखणारा शल्यविशारद, रेणूची रचना समजून घेणारा रसायनशास्त्राचा विद्यार्थी, या सगळ्यांना ती लागते. ‘दृश्य-अवकाशीय’ अशा जोडनावानेही ती ओळखली जाते. मात्र दृष्टी ही तिची अट नाही. जन्मांध व्यक्तींना हाताने चाचपायच्या आकृत्या दिल्या, तर त्याही त्या मनात फिरवून ताडून पाहतात, असे 1970च्या दशकातील प्रयोगांत दिसले.

अमेरिकन मानसशास्त्रज्ञ एल. एल. थर्स्टन यांनी 1938 मध्ये बुद्धीचे जे सात प्राथमिक घटक मांडले, त्यांत अवकाशीय घटकाला भाषा व अंकगणित यांच्या बरोबरीचे स्थान दिले. पुढे हा घटकही एकसंध नसल्याचे दिसून आले. मार्सिया लिन व अ‍ॅन पीटर्सन यांनी 1985 मध्ये तोवरच्या संशोधनाचा एकत्रित आढावा घेऊन तीन प्रकार वेगळे केले : आडवी-उभी दिशा ओळखणे, आकृती मनात फिरवणे, आणि अनेक पायऱ्यांनी आकृतीची उलगड करणे. वस्तू फिरवून पाहणे आणि आपण स्वतः दुसऱ्या जागी उभे आहोत अशी कल्पना करणे, याही दोन निराळ्या गोष्टी ठरल्या. त्यामुळे ‘याची अवकाशीय क्षमता कमी आहे’ असे एका कसोटीवरून म्हणणे चुकीचे आहे. ती कसोटी कोणत्या प्रकारची होती, हे आधी विचारले पाहिजे.

मनातील आकृती खरोखर फिरते का, याचे उत्तर रॉजर शेपर्ड व जॅकलिन मेट्झलर यांच्या 1971च्या प्रयोगाने दिले. ठोकळे जोडून केलेल्या दोन आकृत्यांची चित्रे दाखवायची. दोन्ही एकच आहेत की एक दुसरीची आरशातील प्रतिमा आहे, एवढेच सांगायचे. दोन आकृत्यांमधील कोन जसजसा वाढला, तसतसा उत्तराला लागणारा वेळ सरळ रेषेत वाढत गेला. मनातील फिरण्याचा वेग सेकंदाला सुमारे 60 अंश निघाला. मनाच्या आत चाललेली आणि बाहेरून कुणालाही न दिसणारी क्रिया घड्याळावर मोजता आली. मानसशास्त्रातील अत्यंत देखण्या प्रयोगांत याची गणना करायला हवी. याच आकृत्या वापरून स्टीव्हन व्हँडेनबर्ग व अ‍ॅलन क्यूस यांनी 1978 मध्ये कागद-पेन्सिलीची कसोटी केली. तिच्यात प्रत्येक नमुन्यापुढे चार पर्याय असतात व त्यांतले दोन बरोबर असतात.

रंगीत ठोकळे जुळवून दिलेली नक्षी तयार करण्याची सॅम्युएल कोह्स यांची कसोटी याहून जुनी, 1920ची. डेव्हिड वेक्स्लर यांनी ती 1939च्या आपल्या बुद्धिमापन श्रेणीत घेतली आणि आजही चिकित्सालयांत ती सर्रास वापरली जाते. तिच्यात बोलावे लागत नाही, वाचावे लागत नाही. पण गुण वेळेवर अवलंबून असतात, म्हणून हात संथ चालणाऱ्या किंवा चूक होईल या धास्तीने थबकणाऱ्या व्यक्तीचे गुण घटतात. अनुभवी परीक्षक म्हणूनच गुणांइतकेच लक्ष चुकांवरही ठेवतो : नक्षीची बाह्यरेषाच मोडली, की बाह्यरेषा शाबूत राहून आतला एखादा ठोकळा उलटा बसला? मेंदूच्या उजव्या गोलार्धाला इजा झालेल्यांत पहिला प्रकार अधिक आढळतो. आंद्रे रे यांची 1941ची गुंतागुंतीची आकृती आधी पाहून व नंतर आठवून काढायची असते. फिलिप कोर्सी यांच्या कसोटीत परीक्षक नऊ ठोकळ्यांपैकी काहींना ज्या क्रमाने हात लावतो, तो क्रम लक्षात ठेवायचा असतो. या दोन्हींत स्मृतीचा वाटा मोठा आहे.

उजव्या पार्श्वखंडाच्या इजेनंतर काही रुग्णांचे डाव्या बाजूकडे लक्षच जात नाही. इटलीतील एदोआर्दो बिसियाक व क्लाउदिओ लुझ्झात्ती यांनी 1978 मध्ये अशा दोन रुग्णांना मिलानमधील कॅथीड्रलचा चौक मनाने पाहायला सांगितले. कॅथीड्रलकडे तोंड करून उभे असल्याची कल्पना करताना त्यांनी मुख्यतः उजवीकडच्या इमारती सांगितल्या. मग कॅथीड्रलच्या दारातून चौकाकडे पाहत आहात असे समजा, म्हटल्यावर आधी गाळलेल्या इमारती ते सांगू लागले आणि आधी सांगितलेल्या गाळू लागले. म्हणजे चौकाची माहिती पूर्ण होती. मनासमोरच्या चित्राचा डावा भागच तेवढा हाती लागत नव्हता. डोळ्यांची कोणतीही तपासणी हे उघड करू शकली नसती.

आकृती मनात फिरवण्याच्या कसोट्यांत पुरुषांची सरासरी जास्त येते आणि वेळेची मर्यादा सैल केली की हा फरक बहुधा कमी होतो. उलगडीच्या कसोट्यांत तो फारच थोडा असतो. शिवाय ही क्षमता सरावाने वाढते. डेव्हिड उटाल व सहकाऱ्यांनी 2013 मध्ये 217 अभ्यास एकत्र तपासून तसा स्पष्ट निष्कर्ष काढला. मिशिगन टेक विद्यापीठात शेरिल सॉर्बी यांनी कमी गुण मिळालेल्या अभियांत्रिकीच्या नव्या विद्यार्थ्यांसाठी 1993 पासून रेखाटनावर भर देणारा खास वर्ग घेतला. त्याचा फायदा, विशेषतः मुलींना, शिक्षणात टिकून राहण्यासाठी झाला. अशा निष्कर्षांनंतरही मुलींना ‘हे तुम्हाला जमणार नाही’ असे सांगणे हा उघड अन्याय आहे.

भारतात चंद्रमोहन भाटिया यांची कृतिकसोटीमाला (1955) उत्तर प्रदेशातील 11 ते 16 वर्षांच्या साक्षर व निरक्षर मुलग्यांवर प्रमाणित झाली. तिच्या पाच कसोट्यांत कोह्स यांचे ठोकळे आहेत. वेक्स्लर यांच्या बालश्रेणीचे भारतीय रूप नागपूरला आर्थर मालिन यांनी सिद्ध केले. मराठी शाळकरी मुलांची या विषयाशी ओळख होते ती शिष्यवृत्ती परीक्षेच्या बुद्धिमत्ता चाचणीत : आरशातील प्रतिमा, पाण्यातील प्रतिबिंब, लपलेली आकृती. मात्र तिथे काही वर्षांच्या नमुना प्रश्नपत्रिका सोडवलेले मूल आणि असा प्रश्न प्रथमच पाहणारे मूल शेजारी बसलेले असते. पहिले मूल आकृती फिरवतच नाही, ‘डावे ते उजवे’ हा नियम लावते. दोघांचे गुण एकाच यादीत लागतात, पण त्यांतून मोजल्या गेलेल्या गोष्टी वेगवेगळ्या असतात.