नागासाकीचे काकुनी आणि वसईचे संत

बुलढाणा जिल्ह्यात आम्हां कॅथलिकांची घरे तुरळक. डुकराचे मांस शिजवायचे तर आमच्यापैकी अनेक जण आधी खिडकी लावून घेतात. ‘हे खाणे तुमच्या धर्मातच आहे का?’ हा शेजाऱ्यांचा प्रश्न आम्हांला नवा नाही. असाच प्रश्न चार शतकांपूर्वी जपानात विचारला गेला होता.

१५८७ साली तेथील सत्ताधीश तोयोतोमी हिदेयोशी याने येशूसंघीयांचे प्रमुख गास्पार कुएल्यू यांना जाब विचारला : माणसाच्या उपयोगी पडणाऱ्या गाई-घोड्यांचे मांस तुम्ही का खाता? (डुकराचा उल्लेख त्यात नव्हता, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे.) पाठोपाठ मिशनरींनी देश सोडावा असा हुकूम निघाला. पुढे ५ फेब्रुवारी १५९७ रोजी नागासाकीच्या टेकडीवर सव्वीस जणांना क्रूसावर चढविण्यात आले. त्यांत वसईत जन्मलेले फ्रान्सिस्कन बंधू गोन्सालो गार्सिया होते. तरुणपणी जपानात राहिल्याने ती भाषा त्यांना अवगत होती. १५९३ मध्ये मनिलाहून गेलेल्या शिष्टमंडळाचे दुभाषी तेच होते. १८६२ साली त्यांना संतपद मिळाले.

त्याच नागासाकीत ‘काकुनी’ नावाचे डुकराचे मांस प्रसिद्ध आहे. ‘काकु’ म्हणजे चौकोनी, ‘नी’ म्हणजे मंद आचेवर शिजविलेले. पोर्तुगीज जहाजांचे बंदर म्हटल्यावर हा पदार्थ आपल्या विंदालूचा भाऊ असावा, असे आम्ही पूर्वी हौसेने समजत असू. ती समजूत चुकीची होती. विंदालू पोर्तुगिजांच्या द्राक्षमद्य-लसणाच्या मांसापासून आला. काकुनीचे मूळ मात्र चीनमध्ये, कवी सू तुंगपो (१०३७–११०१) यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या मांसात आहे. १६३९ मध्ये पोर्तुगिजांना हाकलून दिल्यानंतरही चिनी व्यापारी नागासाकीत येत राहिले. १६८९ साली त्यांच्यासाठी वेगळी वसाहत बांधली गेली आणि त्यांची पाककला गावच्या मेजवानीत मिसळली. तेव्हा आपल्या संतांनी काकुनी चाखले असेल, असे म्हणण्यास आधार नाही. ज्या मांसाहारावरून ख्रिस्ती परके ठरले, त्याच गावाने दुसऱ्या परक्यांकडून डुकराचे मांस घेतले आणि ते आपले म्हणून मिरविले!

१८७२ मध्ये जपानच्या सम्राटाने उघडपणे मांस खाल्ले. १८७३ मध्ये ख्रिस्ती धर्मबंदीचे फलक उतरले. दोन गोष्टी एका वर्षाच्या अंतराने घडाव्यात, हे आम्हांला विलक्षण वाटते.

घरी करावयाचे तर चरबीचे थर असलेले पोटाचे एक किलो मांस घ्यावे. दोन बोटे रुंदीचे चौकोनी तुकडे करून ते कोरड्या कढईत परतावेत. मग तांदळाच्या धुवणात आले घालून दोन तास मंद शिजवावे. धुवणाने उग्र वास जातो. पातेले रात्रभर थंड ठेवावे, म्हणजे वर गोठलेली चरबी सहज काढता येते. दुसऱ्या दिवशी तुकडे हलक्या हाताने धुऊन नव्या पाण्यात सोया सॉस, साखर आणि आल्याच्या चकत्या घालून आणखी तासभर ठेवावे. पातेल्याच्या तोंडाहून लहान झाकण थेट मांसावर टेकवावे. रस सर्वत्र सारखा लागतो. जपानी लोक तांदळाचे मद्यही घालतात. साखरेऐवजी आम्ही गूळ वापरतो. रंग गडद येतो, चव बिघडत नाही. मुळ्याच्या फोडी आणि उकडलेली अंडी त्याच रसात सोडावीत. विंदालूसारखे हे टिकणारे नव्हे, कारण त्यात व्हिनेगर नाही.

सोया सॉस सोयाबीन, गहू आणि मीठ महिनोन् महिने आंबवून करतात. आमच्या भोवतालच्या शेतांत कपाशीबरोबर आज सोयाबीनच उभे असते, पण ते तेलाच्या गिरणीला जाते. आमच्या चुलीपर्यंत त्याची चव येते ती बाजारातल्या बाटलीतून.

५ फेब्रुवारी बहुधा उपवासकाळाच्या आधीच येतो. गेल्या खेपेस त्या दिवशी आम्ही पातेले चढविले, आणि खिडकी उघडीच ठेवली.