सावळ्या रंगाचा विचार

रंग हा डोळ्यांचा विषय. तत्त्वज्ञानाचा त्याच्याशी संबंध काय, असे कोणीही विचारील. आपल्या वेदान्ताने तरी रंगाला फारसा मान दिलेला नाही. आकाशाला वर्ण नसता ते निळसर दिसते, हा तर भ्रमाचा ठरून गेलेला दाखला आहे. शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रभाष्याच्या आरंभी अध्यासाचे विवेचन करताना याच जातीचे उदाहरण घेतले आहे: अजाण माणसे प्रत्यक्ष न दिसणाऱ्या आकाशावर मळकटपणाचा आरोप करतात. तो रंग आकाशाचा नव्हे, पाहणाराच्या अज्ञानाचा.

मराठी संतांनी नेमका हा खोटा ठरविलेला रंगच उचलला आणि परमार्थाची खूण म्हणून पुढे ठेविला. ज्ञानदेवांच्या नावावरील गाथेत निळ्या आणि काळ्या रंगांवरील अभंगांचा एक गटच आहे. त्यांत बोलणारी स्त्री जिकडे पाहते तिकडे निळेपण भरलेले आहे. शेवटी ती स्वतःही त्या रंगाची होते, आणि पाहणारी कोण व पाहिलेले काय, हा भेदच मावळतो. याच गाथेतील योगपर अभंगांत रंगांची एक चढती मालिकाही आढळते. स्थूळ देह रक्तवर्ण, सूक्ष्म श्वेत, कारण श्याम आणि महाकारण नीळ. शेवटास लखलखणारा नीळ बिंदू. पुढे इराणात समनानी या सूफी साधकानेही (1261–1336) साधनेच्या सात पायऱ्यांना सात रंग दिले आणि शेवटचे स्थान हिरव्यास दिले. एकाने दुसऱ्याचे घेतले असे मात्र कोणी समजू नये. शब्द थकले म्हणजे साधक रंगाकडे वळतो, एवढेच या साम्यावरून म्हणता येईल.

मग शास्त्राने ज्याला भ्रम म्हटले, ते संतांना सत्य कसे वाटले? माझ्या मते याचे उत्तर ‘अमृतानुभवा’त आहे. त्या ग्रंथात ज्ञानदेवांनी एक मोठे प्रकरण अज्ञानाच्या खंडनासाठी खर्ची घातले आहे. जग हा अज्ञानाचा पसारा नसून चैतन्याचाच विलास आहे, हा त्यांचा सिद्धान्त. तो एकदा मान्य केला, की निळेपणाही अज्ञानाचे पोर राहत नाही. निराकाराने डोळ्यांसाठी घेतलेले ते रूप ठरते.

हा विचार ग्रंथांत कोंडून राहिला नाही. कऱ्हा आणि नीरा या नद्यांच्या मुलखात, बारामती-इंदापूरकडे, त्याची पावले स्पष्ट उमटलेली दिसतात. श्रीधरकवींनी ‘शिवलीलामृत’ शके 1640 मध्ये बारामतीस पुरे केले. ग्रंथाच्या अखेरीस ते कऱ्हेला ब्रह्मकमंडलू आणि गावाला द्वादशमती म्हणतात. ज्या शिवाची ती लीला, तो नीलकंठ. जगासाठी प्यालेल्या विषाचा डाग हेच त्याचे भूषण. येथे निळा रंग करुणेची खूण होतो.

याच गावी बाबूजी नाइकांच्या आश्रयाने मोरोपंत (1729–1794) राहिले. त्यांच्या ‘केकावली’चे नावच पाहा. केका म्हणजे मोराची हाक. कवी आपल्या नावावर श्लेष साधून स्वतः मयूर होतो, आणि मोर ज्याला हाक घालतो तो काळा मेघ म्हणजे घनश्याम भगवंत. सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतील या प्रदेशात त्या वेळी नीरेचा कालवा नव्हता. जेथे आकाश काळे झाले तरच घरात दाणा येतो, तेथे काळ्या रंगाला दयेचा रंग म्हणणे हा नुसता काव्यसंकेत नव्हे.

आणि कुणब्याची भाषा ऐका. गावठाण ती पांढरी, पिकाऊ जमीन ती काळी. छांदोग्य उपनिषदात तेजाचे रूप तांबडे, पाण्याचे पांढरे आणि अन्नाचे काळे सांगितले आहे. ते उपनिषद ज्याने कधी ऐकले नाही, तो शेतकरीही काळीला आईच म्हणत आला. 1685 मध्ये तुकोबांचे पुत्र नारायणमहाराज यांनी सुरू केलेला पालखीसोहळा आजही आषाढवारीत बारामती, सणसर, निमगाव केतकी, इंदापूर या वाटेने जातो आणि सराटीस नीरेच्या पाण्यात पादुकांना स्नान घडते. कपाळी काळा बुक्का लावलेली ही माणसे काळी तुडवीत पंढरीस निघतात, ती सावळ्याच्या भेटीला.

परंतु या विचाराची परीक्षा मंदिरात नव्हे, उंबरठ्यावर होते. वरच्या रंगाला काय भुललास, असे विचारणारे चोखोबा चौदाव्या शतकात देवळाबाहेरच राहिले. पंढरपूरचे दार अस्पृश्य मानलेल्यांना उघडावे म्हणून 1947 च्या मे महिन्यात साने गुरुजींना प्राणांतिक उपोषण करावे लागले, तेव्हा ते उघडले. म्हणजे सावळ्या देवाला मिठी मारण्याचा हक्क सर्वांस आहे, हे साधे अनुमान काढावयास आपणांस सहाशे वर्षे लागली.

दुसरा उंबरठा आपल्या घराचा. ज्या माजघरात सकाळी सावळ्या विठ्ठलाची आरती होते, त्याच माजघरात संध्याकाळी मुलगी दाखवितात, आणि ‘रंगाने जरा सावळीच आहे’ हे शब्द आवाज खाली आणून उच्चारले जातात. ती बिचारी ते ऐकत असते. आकाश मळके म्हणणारा अजाण असतो, हे आचार्यांनी सांगितले. निळेपण हे चैतन्याचेच रूप, असे ज्ञानदेवांच्या विचारावरून म्हणता येते. दोघांपैकी कोणाचेही मत घ्या, त्या मुलीच्या वर्णात उणे काढण्यास आधार मिळत नाही. तत्त्वज्ञान गळ्यात येणे सोपे आहे. ते नजरेत उतरले, की मग सावळा हा शब्द आरतीत आणि घरात एकाच आवाजात म्हणता येईल.