चवळी ‘कॅव्हिआर’ कशी झाली?

आजचा एपिसोड चवळीचा. हो, तीच. डब्यात जिची उसळ दिसली की अर्धा वर्ग तोंड वाकडं करायचा, ती.

अमेरिकेतल्या टेक्सासमध्ये तेल-व्हिनेगरमध्ये मुरवलेल्या चवळीच्या सॅलडला ‘टेक्सास कॅव्हिआर’ म्हणतात. आता खरा कॅव्हिआर म्हणजे स्टर्जन माशाची खारवलेली अंडी, गर्भश्रीमंतांचं खाणं. चवळीला हे नाव देणं म्हणजे निव्वळ थट्टा. पण त्या थट्टेमागे मोठा इतिहास आहे.

हे सॅलड लोकप्रिय केलं हेलन कॉर्बिट या बाईंनी. जन्म 1906चा, न्यूयॉर्क राज्यातला, पेशाने आहारतज्ज्ञ. नोकरीसाठी त्या टेक्सासमध्ये आल्या आणि फक्त तिथल्याच मालातून जेवण करायचं काम त्यांच्यावर आलं. 1940च्या सुमारास ह्यूस्टनच्या एका कंट्री क्लबात, नववर्षाच्या पूर्वसंध्येला त्यांनी ही चवळी वाढली, असं सांगतात. पुढे 1955मध्ये त्या डॅलसच्या नीमन मार्कस या उंची दुकानाच्या रेस्टॉरंटमध्ये गेल्या. गंमत बघा, 1957च्या त्यांच्या पुस्तकात मात्र पदार्थाचं नाव साधंच आहे: लोणच्यासारखी मुरवलेली चवळी.

कृती तर अगदीच सोपी. शिजलेल्या चवळीचे दोन डबे निथळून घ्यायचे. त्यात एक कप तेल, पाव कप वाइन व्हिनेगर, लसणाची एक पाकळी, पाव कप पातळ चिरलेला कांदा, अर्धा चमचा मीठ, मिरपूड. फ्रिजमध्ये ठेवायचं आणि एका दिवसाने लसूण काढून टाकायचा. खायची घाई नाही, निदान दोन दिवस मुरू द्यायचं. शिजलेला दाणा हळूहळू आंबट-खारट रस पितो, म्हणून थांबायचं. माझ्या मते ही कोशिंबीर कमी आणि लोणचं जास्त आहे. आजकाल त्यात मका, टोमॅटो, ढोबळी मिरची, कोथिंबीर, लिंबू असं सगळं पडतं. चव छान लागते, पण ती कॉर्बिटबाईंची कृती नव्हे.

आता खरा मुद्दा. इंटरनेटवर सगळीकडे ‘टेक्सास कॅव्हिआरची जननी’ म्हणून त्यांचंच नाव येतं. मसाला त्यांचा, कबूल. पण चवळी टेक्सासमध्ये पोचली कशी?

चवळी मूळची आफ्रिकेची. आपल्याकडे ती हजारो वर्षांपूर्वीच आली. अमेरिकेत ती पोचली गुलामांच्या जहाजांबरोबर. समुद्रप्रवासात कैद्यांना जगवण्यापुरतं जे खायला देत, त्यात चवळीही असे. पश्चिम आफ्रिकेत चवळी वाटून तिची भजी तळतात, ‘अकारा’. तीच ब्राझीलच्या बाहियात ‘अकाराजे’ झाली. अमेरिकेच्या दक्षिणेत गुलामांनी आपापल्या परसात चवळी लावली, भाताबरोबर शिजवली. त्या चवळीभाताला ‘हॉपिन जॉन’ म्हणतात. त्याची एक कृती 1847च्या ‘द कॅरोलिना हाउसवाइफ’मध्ये आहे. पुस्तक सारा रटलेज यांचं, बड्या मळेवाल्या घराण्यातल्या. मुखपृष्ठावर त्यांनी स्वतःचं नाव घातलं नव्हतं, फक्त ‘चार्ल्स्टनची एक स्त्री’. पण आपल्याला त्यांचं नाव आज ठाऊक आहे. अशा घरांच्या स्वयंपाकघरात चुलीपुढे राबणाऱ्या गुलाम बायकांची नावं कुठल्या मुखपृष्ठावर शोधणार?

गोरे शेतकरी चवळी गुरांना चारा म्हणूनही पेरत. तिला माणसाच्या ताटात मान मिळावा म्हणून झटणारा एक माणूस मला फार आवडतो: जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर. गुलामीतच जन्मलेला हा शास्त्रज्ञ अलाबामातल्या टस्कीगी संस्थेत शिकवायचा. एकसारखा कापूस घेऊन जमीन निकस झाली होती. चवळीच्या मुळांवरच्या गाठींतले जिवाणू हवेतला नायट्रोजन पिकाला मिळवून देतात, म्हणून त्याने 1903मध्ये चवळीवर शेतकऱ्यांसाठी पुस्तिका काढली. पुढे चवळी रांधायची कशी, यावरही काढली. भुईमुगामुळे त्याचं नाव सगळ्यांना माहीत असतं, चवळीचं कुणी बोलत नाही.

म्हणजे क्लबातल्या त्या रात्रीच्या कित्येक वर्षं आधीच चवळीचे पदार्थ छापून वाटले जात होते. फरक इतकाच की तेव्हाच्या टेक्साससारख्या राज्यांत काळ्या-गोऱ्यांनी कुठे बसायचं हे कायदाच ठरवायचा. ज्यांच्या पूर्वजांबरोबर ही चवळी आली, त्यांना तसल्या क्लबात पाहुणा म्हणून टेबलाशी बसता येत नव्हतं.

घरी करणार असाल तर डब्यातली चवळी शोधत बसू नका. आपली नेहमीची भिजवून उकडा. फक्त कुकरच्या शिट्ट्या जपून, दाणा अख्खा राहायला हवा.